पाणी सगळ्यांच्या घरात, मदत मात्र उताऱ्यावर

राजाराम बंधाऱ्यावर पंचगंगा ३९ फुटांवर गेली की इशारा आणि ४३ वर गेली की धोका, हे कोल्हापुरात शाळेतलं पोरगंसुद्धा झोपेत सांगेल. शिवाजी पुलाला पाणी टेकलं की मच्छिंद्री झाली म्हणायचं, राधानगरी धरणाच्या सातपैकी किती दरवाजे उघडले ते विचारायचं, एका दरवाजाचे १४२८ क्युसेक धरून गुणाकार करायचा, नदीकाठच्या सुतारवाड्यातली माणसं चित्रदुर्ग मठात हलवली का त्याची चौकशी करायची आणि संध्याकाळी गाडी काढून घाटाकडं पाणी बघायला जायचं. जुलै-ऑगस्टात आपण सगळेच अर्धे पाटबंधारे खाते असतो. पण पाणी उतरल्यावर जे सुरू होतं, ते ज्याच्या घरात पाणी शिरलं त्यालाच माहीत असतं, आणि त्यालाही ते हेलपाटे मारूनच कळतं.

हे लिहायचं कारण म्हणजे आमच्या फॅमिली ग्रुपवर एका पाहुण्यानं (पुण्यात असतो, पगार चांगला आहे, नाव लिहीत नाही, वाचेलच तो) टाकलेला मेसेज. पूरग्रस्तांना फुकट पैसे घ्यायची सवय लागलीय, नदीत घरं बांधायची आणि भरपाई सरकारनं द्यायची, टॅक्स आमचा. खाली लगेच चार अंगठे. तिथं उत्तर दिलं की ते सासूबाईंपर्यंत जातं आणि मग वेगळाच विषय सुरू होतो, म्हणून इथं लिहितेय. लांबलचक होणार आहे, चहा घेऊन बसा.

माझं कचेरीच्या रस्त्याला झेरॉक्स आणि ऑनलाइन फॉर्मचं दुकान आहे. दुकान चढावर आहे त्यामुळं २०१९ लाही पाणी आलं नाही आणि २०२१ लाही नाही, दोन्ही वेळा नदी ५५-५६ फुटांच्या घरात गेली होती तरी. आणि म्हणूनच ज्यांच्याकडं पाणी आलं त्यांची कागदं माझ्याकडं आली. आधार कार्ड लॅमिनेट केलेलं असतं ते वाचतं. रेशनकार्ड वाचत नाही. पासबुकाची पानं एकमेकांना चिकटतात, ती ओढली की आकडे समोरच्या पानावर उलटे उमटतात. चिखल लागलेल्या कागदाची झेरॉक्स काळी येते, ब्राइटनेस वाढवला तर चिखलाबरोबर सही पण उडते. मग लोक म्हणतात ताई जरा बघा की, आणि मी बघते, पण त्यात बघण्यासारखं काही उरलेलं नसतं.

आता फुकट पैसे म्हणजे किती ते आधी सांगते. २०१९ ला खेड्यात १०,००० आणि शहरात १५,००० प्रत्येक कुटुंबाला, त्यातले ५,००० रोख आणि बाकीचे खात्यावर. २०२१ ला घराला १०,०००, दुकानदाराला ५०,००० आणि टपरीवाल्याला १०,०००. ज्या घरात छातीइतकं पाणी चार-पाच दिवस उभं होतं तिथं गाद्या, कपाट, मिक्सर, फ्रीज, पोरांची दप्तरं, वर्षाचा गहू, चटणी, सगळंच जातं. भिजलेली कापसाची गादी उचलायला तीन माणसं लागतात आणि ती वाळत नाही, तिला वास सुटतो, ती टाकायलाच लागते. दहा हजारात गाद्या, गहू आणि गॅसची शेगडी एवढं जरी परत आलं तरी नशीब. तेव्हा फुकट पैशाची चैन कुणी केली असेल तर मला दाखवा.

पण माझा मुद्दा रक्कम कमी की जास्त हा नाहीच. मुद्दा असा की आपल्याकडं मदत मोजायची ती मालमत्तेवर. घर कुणाच्या नावावर, सातबारा कुणाचा, रेशनकार्ड कुणाचं. ज्याच्याकडं होतं त्याचं किती गेलं ते सरकारला मोजता येतं, थोडंबहुत भरूनही देता येतं. ज्याच्याकडं नव्हतंच, नुसते हात होते आणि रोजची हजेरी होती, त्याचं काय गेलं ते मांडायला फॉर्मवर रकानाच नसतो.

२०२१ च्या पुरानंतर एक मावशी आल्या होत्या, भांगलणीला (म्हणजे शेतातलं तण काढायला) रोजानं जाणाऱ्या. खेड्यात पाणी आलं म्हणून नव्हे, शहराच्या कडेला नाल्याजवळ एक खोली भाड्यानं घेऊन राहायच्या आणि तिथून रोज टेंपोनं शिवाराला जायच्या. कॅरीबॅगमध्ये कागद, वर दोन गाठी.

मी विचारलं, घर कुणाच्या नावावर?

"मालकाच्या."

"तुमच्या मालकांच्या?"

"न्हाई ओ, घरमालकाच्या. आमचं मालक जाऊन धा वर्सं झाली."

भाडेकरार आहे का म्हटलं, तर नव्हता. कुठून असणार, महिन्याला रोख देतात, पावती मागितली तर खोली सोडा म्हणतात. मग घरमालकाकडून नुसतं लिहून आणा की या बाई अमुक वर्षापासून माझ्या खोलीत राहतात. मावशी गेल्या, दोन दिवसांनी परत आल्या, मालक लिहून देईना. त्याला भीती, एकदा लिहून दिलं की ही बाई उद्या खोलीवर हक्क सांगेल. वर तो म्हणाला म्हणे की घर माझं आहे तर नुकसान पण माझंच झालं. "आवो पण डबं माझं वाहून गेलं न्हवं?" असं त्या मला विचारत होत्या, जणू मीच सरकार. सानुग्रह अनुदान राहणाऱ्या कुटुंबाला असतं, घराच्या मालकाला नव्हे, हे मला माहीत होतं, त्यांनाही कळत होतं, पण पंचनाम्याच्या दिवशी दारात जो उभा असतो त्याचंच नाव लागतं आणि मावशी त्या दिवशी भांगलणीला गेल्या होत्या. हजेरी बुडवून घरात बसायचं तर संध्याकाळी खायचं काय?

दुसरा प्रकार चुलींचा. एका घरात तीन भाऊ, तिघांची लग्नं झालेली, स्वयंपाक वेगळा, गॅस वेगळा, भांडण तर कधीचंच वेगळं, पण रेशनकार्ड म्हातारीच्या नावावर एकच. कागदावर कुटुंब एक, म्हणून मदत एक. मग ती मदत तीन ठिकाणी वाटायची आणि त्यातून जी भांडणं लागतात ती पूर उतरला तरी उतरत नाहीत. त्या ऑगस्ट-सप्टेंबरात माझ्याकडं सगळ्यात जास्त अर्ज कशाचे आले असतील तर रेशनकार्ड विभक्त करायचे. आणि ज्यांनी ते आधीच करून ठेवलं होतं ते कोण, तर ज्यांच्या घरात कुणीतरी शिकलेलं, कचेरीत ओळख असलेलं, किंवा गावातल्या गटाच्या राजकारणात असलेलं. म्हणजे मदतीची रांग पुराच्या कितीतरी आधी लागलेली असते, आपल्याला ती दिसत नाही एवढंच.

शेतीचं तर विचारूच नका. माझं माहेर शिरोळ तालुक्यातलं, नदीकाठचं, त्यामुळं हे मी जवळून बघितलंय. ऊस आठ-आठ दिवस पाण्याखाली राहिला की शेंड्याच्या सुरळीमध्ये गाळ जातो, शेंडा कुजतो, लांबून हिरवा दिसतो पण हातानं ओढला की सुरळी उपटून हातात येते आणि घाण वास सुटतो. पंचनामा होतो, केंद्राच्या निकषांप्रमाणं बागायतीला हेक्टरी १७,००० आणि तेही दोन हेक्टरपर्यंत (आधी १३,५०० होते, २०२२ पासून वाढवले, राज्य सरकार कधी त्यात भर घालतं कधी काढून घेतं). शेतकऱ्याला हे परवडत नाही हे खरंच आहे, खत-मजुरी-पाणीपट्टी धरली तर हा पैसा कुठं जातो कळतही नाही, त्यावर आपल्याकडं मोर्चे निघतात, महामार्ग अडवले जातात आणि ते बरोबरच आहे. पण त्याच फडात खंडानं किंवा वाट्यानं करणारा जो असतो त्याचं नाव सातबारावर नसतं. खताचे पैसे त्यानं घातलेले, भरपाई मूळ मालकाच्या खात्यावर. मालक चांगला असेल तर देतो. आणि त्याच फडात भांगलायला, लावणीला, पाला काढायला येणाऱ्या बायका? शिवार दोन महिने चिखलात म्हणजे दोन महिने काम नाही. त्यांचं कुणी मोजतच नाही. उपजीविका गेलेल्या कुटुंबाला रोजचे काही पैसे द्यायची तरतूद केंद्राच्या निकषांत आहे बरं का, पण माझ्या काउंटरवर तरी त्या नावाचा एकही फॉर्म आजपर्यंत आलेला नाही.

आणि कुंभार. शाहूपुरीची कुंभार गल्ली आणि बापट कॅम्प या दोन्हीत पाणी येतं, आणि येतं ते नेमकं गणपतीच्या तोंडावर. २०१९ ला चतुर्थी २ सप्टेंबरला होती आणि पूर ऑगस्टच्या पहिल्या-दुसऱ्या आठवड्यात, म्हणजे मूर्ती तयार, रंगकाम अर्धं, मंडळांचा बयाणा घेऊन खर्च झालेला. पाण्यात शाडूचा तर पुन्हा चिखलच होतो. याला पंचनाम्यात काय म्हणायचं? घर म्हणायचं, दुकान म्हणायचं, कच्चा माल म्हणायचं? त्या घरांमध्ये खालच्या मजल्यावर कारखाना, तिथंच चूल आणि तिथंच झोपायचं, सरकारी कागदाला हे तीन वेगवेगळे लागतात. एका काकांनी मला सांगितलं, तलाठ्यानं विचारलं नग किती, आता गाळात विरघळलेले नग मोजायचे कसे.

इथं एक सांगायला पाहिजे नाहीतर अन्याय होईल. तलाठी, ग्रामसेवक, कोतवाल यांना मी शिव्या घालणार नाही. गुडघाभर गाळातून शेकडो घरं थोड्याच दिवसांत फिरायची, वरून रोज नवा जीआर, खालून गावातला पुढारी यादी घेऊन मागं लागलेला. आणि खोटी नावं घुसवणारेही असतातच. ज्यांच्या पायरीला पाणी शिवलं नाही त्यांचे फोटो काढून देणारे मी बघितलेत, शेजाऱ्याच्या भिंतीसमोर उभं राहून. म्हणून कागद मागतात हे मला पटतं. न पटणारी गोष्ट ही की जो लबाड आहे त्याचे कागद कायम फर्स्ट क्लास असतात. कागदात अडकतो तो मावशीसारखा माणूस.

२०१९ चा तो जीआर आठवतो ना, घर दोन दिवस पाण्याखाली असेल तरच दहा किलो गहू आणि दहा किलो तांदूळ? महामार्ग शिरोलीजवळ बंद, शहराला दूध नाही पेट्रोल नाही, तिकडं सांगलीच्या ब्रह्मनाळला बोट उलटून माणसं गेली आणि इकडं दोन दिवसांची अट. तेव्हा केवढा संताप झाला होता. लोकांनी मग भिंतीवरची पाण्याची रेघ तशीच ठेवली, घर धुतलं पण तेवढा पट्टा धुतला नाही, पोरांना दम दिलेला की त्या रेघेला हात लावायचा नाही, साहेब येऊन बघूदेत.

ही अटी घालायची खोड जुनी आहे. १८७६-७८ च्या मोठ्या दुष्काळात इंग्रज सरकारचा सर रिचर्ड टेंपल नावाचा साहेब होता, त्यानं दुष्काळी कामावरच्या मजुरांचं धान्य दिवसाला एक पाऊंडावर आणलं, म्हणजे अर्ध्या किलोच्याही आत, आणि त्यावर खडी फोडायची. मुंबई इलाख्यातल्या मजुरांनी कामं सोडून दिली होती त्याविरुद्ध, पुण्याची सार्वजनिक सभा त्यांच्या बाजूनं भांडली. पुढं जे फॅमिन कोड आले त्यात मदत मागणारा खरंच गरजू आहे का हे तपासायला कष्टाची आणि अंतराची परीक्षा असायची, काम मुद्दाम जड आणि लांब ठेवायचं म्हणजे जो अगदी मरायला टेकलाय तोच येईल. मला त्या दोन दिवसांच्या अटीत हाच साहेब दिसतो. माणूस खोटं बोलतोय असं धरूनच सुरुवात.

त्याच दुष्काळात १८७७ साली जोतिराव फुल्यांनी पुण्याजवळ धनकवडीला दुष्काळातल्या मुलांसाठी बालाश्रम काढला होता. आणि आपल्याकडं शाहू महाराज. गादीवर बसून दोन-तीन वर्षं झालेली, वय बावीस-तेवीस, आणि १८९६-९७ चा दुष्काळ आला. स्वस्त धान्याची दुकानं काढली, तगाई (शेतकऱ्याला सरकारी कर्ज) दिली, कामं काढली. मागून प्लेग आला. पुढं २६ जुलै १९०२ ला संस्थानच्या नोकऱ्यांत निम्म्या जागा मागासलेल्या वर्गांसाठी राखून ठेवल्या आणि राधानगरीचं धरणही त्यांनीच सुरू केलं. दुष्काळात धान्य, नोकरीत जागा आणि शेताला पाणी, या तिन्ही गोष्टी त्या माणसाच्या डोक्यात वेगळ्या नव्हत्या असं मला वाटतं. आपण मात्र शाहूंचं कोल्हापूर असं प्रत्येक भाषणात म्हणतो आणि पूर आला की सामाजिक न्यायाचं खातं वेगळं, मदत व पुनर्वसनाचं वेगळं.

ट्रकांबद्दल लिहिलंच पाहिजे. २०१९ ला सगळ्या महाराष्ट्रातून ट्रक आले, लोकांनी मनापासून दिलं, त्याबद्दल वाकडं बोलायला जीभ रेटत नाही. पण ट्रक हायवेवरनं उतरला की पहिल्या गावात थांबायचा, तिथं गर्दी व्हायची, निम्मा माल तिथंच. आतल्या गावांना बिस्किटं आणि पाण्याच्या बाटल्या. जुन्या कपड्यांचे तर ढीग, फाटकी शर्टं, जरीची एकच एक साडी, लहान पोरांचे स्वेटर, शेवटी ते रस्त्याकडेला पडून कुजले. बायकांना पाहिजे होते आतले कपडे आणि पॅड, आणि ते माईकवरून कोण मागणार?

माहेरच्या भागातल्या एका गावात (नाव नको) मी आमच्या मैत्रिणींबरोबर सामान घेऊन गेले होते. ट्रक देवळासमोर लागला, तिथं सरपंचाच्या गटाची पोरं यादी घेऊन उभी. गावाच्या खालच्या अंगाला वस्ती आहे, नदीच्या सगळ्यात जवळ, पाणी तिथं पहिलं शिरतं आणि शेवटी निघतं. तिथलं कुणी दिसेना म्हणून विचारलं तर एक पोरगा सहज म्हणाला, "त्यांचं वेगळं येतंय." कुठून येतंय, कोण आणतंय? ते त्याला माहीत नव्हतं. त्याच्या डोक्यात वाईट काही होतं असंही मला वाटलं नाही, त्याला ते इतकं साधं वाटत होतं. शाळेतल्या छावणीतही तसंच, कुणी सांगितलं नव्हतं, पाट्या नव्हत्या, तरी कुठल्या वर्गात कोण झोपलंय ते बरोबर गावातल्या गल्ल्यांप्रमाणं. २००४ च्या त्सुनामीनंतर तामिळनाडूत दलित कुटुंबांना छावण्यांमधून बाजूला काढलं, मदतीत मागं ठेवलं हे तेव्हा नोंदवलं गेलंय, ते वाचताना लांबचं वाटतं. हे गाव तर आपल्याच जिल्ह्यातलं आहे.

पाकिटांवरचे फोटो हा तर विनोदच. २०१९ ला सरकारी गहू-तांदळाच्या पाकिटांवर मुख्यमंत्री आणि आमदारांचे स्टिकर, त्यावरून राज्यभर बोंब झाली, दोन महिन्यांत विधानसभेची निवडणूक होती हे विसरू नका. २०२५ ला मराठवाड्यात एवढा पूर आला, जमिनी खरवडून गेल्या, तरी मदतीच्या किटवर पुन्हा नेत्यांचे फोटो आणि पुन्हा तीच बोंब. मला त्या स्टिकरचा राग येतो तो त्यातल्या माणसामुळं नाही, कुठल्याही पक्षाचा असला तरी येईल. धान्य रेशनच्या गोदामातलं, पैसा तिजोरीतला, आणि घेताना हात जोडायचे कुणाला तर फोटोला. घेणाऱ्याला पण मग ते उपकारच वाटायला लागतात. कमी आलं तर भांडायचं नाही, मिळालं तेवढं खूप.

कायदा वेगळं सांगतो. २००५ चा आपत्ती व्यवस्थापन कायदा आहे, त्याच्या कलम १२ मध्ये मदतीचे किमान निकष ठरवायला सांगितलंय, निवारा, अन्न, पाणी, औषधं, स्वच्छता, विधवा आणि अनाथांसाठी खास तरतूद, आणि घराच्या नुकसानीबरोबर उपजीविकेचं साधन परत उभं करायला मदत. कलम ६१ तर स्पष्ट म्हणतं की मदत देताना लिंग, जात, समुदाय, वंश, धर्म यावरून भेदभाव करायचा नाही. हे कलम घालावं लागलं यातच सगळं आलं. आणि कलम १३ होतं, मोठ्या आपत्तीत लोकांच्या कर्जफेडीला सवलत देण्याची शिफारस करायचं, ते २०२५ च्या दुरुस्तीत काढूनच टाकलं, वायनाडच्या दरडीत सगळं गेलेल्या लोकांच्या कर्जाचा विषय केरळच्या हायकोर्टात चालू असताना. आपल्याकडं यावर एक बॅनर लागला नाही. बचत गटाच्या आणि मायक्रोफायनान्सच्या हप्त्यांसाठी गाळ काढत असलेल्या बायकांच्या दारात वसुलीवाले उभे राहिलेले मी बघितलेत, म्हणून मला ते लागलं.

मालमत्तेवर मदत मोजण्याचा सगळ्यात उघड नमुना आपल्याच राज्यातला आहे. ३० सप्टेंबर १९९३, गणपती विसर्जनाच्या रात्रीनंतरची पहाट, किल्लारीचा भूकंप. दगड-मातीच्या जाड भिंती सगळ्यांवर सारख्या पडल्या. ५२ गावं नव्या जागी वसवली, जागतिक बँकेचं कर्ज, काम प्रचंड झालं, आजही त्याचं कौतुक होतं आणि व्हावं. पण घराचा आकार कशावर ठरला माहितीये? जमिनीवर. भूमिहीन आणि एक हेक्टरपर्यंतवाल्याला २५० चौरस फूट, एक ते सात हेक्टरवाल्याला ४००, आणि सात हेक्टरच्या वर असेल तर ७५०. नव्या कोऱ्या गावात, नव्या कोऱ्या रस्त्यांवर, जुनी उतरंड सिमेंटमध्ये पक्की करून दिली. भूमिहीनाच्या घरात माणसं कमी असतात का? त्याच्या सुनेला बाळंतपणाला आडोसा कमी लागतो का? तर मोठ्या शेतकऱ्याला बैल-अवजारं ठेवायला जागा लागते असा त्यामागचा विचार असणार, तोही समजू शकते मी, पण गोठा वेगळा देता आला असता.

आता पाहुण्याचा तो दुसरा प्रश्न, नदीत राहायचंच कशाला. बरोबर आहे, निळी रेषा २५ वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची, लाल रेषा १०० वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची, नकाशे आहेत, २०१९ नंतर पुराची कारणं तपासणाऱ्या वडनेरे समितीनंही अतिक्रमणांवर बोट ठेवलंय. पण कोल्हापुरात रेषेच्या आत कोण कोण आहे ते जरा फिरून बघा. एकीकडं सुतारवाडा, जिथली माणसं दरवर्षी गाठोडं बांधून निघतात, आणि दुसरीकडं भराव टाकून उभे राहिलेले अपार्टमेंट, मंगल कार्यालयं, शोरूम. भराव टाकणाऱ्याचं पार्किंग बुडतं, त्यानं ढकललेलं पाणी मागच्या चाळीत शिरतं. शिरोलीच्या महामार्गाचा भराव तर आख्ख्या जिल्ह्याला दिसतो. नोटीस मात्र पहिली पत्र्याच्या शेडला जाते. स्थलांतर करा म्हणतात, करूया की, पण प्रयाग चिखली-आंबेवाडीसारख्या गावांचा पुनर्वसनाचा विषय किती वर्षं चाललाय ते तिथल्या लोकांना विचारा, आणि नव्या प्लॉटवर राहून रोज नदीकाठच्या शेतात जायचं-यायचं कसं तेही विचारा. शेत तर उचलून नेता येत नाही.

मला स्वतःला एकच गोष्ट आशेची वाटते आणि ती पण याच मातीतली आहे. १९७२ चा दुष्काळ. तेव्हा लोकांनी मोर्चे काढून काम मागितलं आणि त्यातून रोजगार हमी उभी राहिली, १९७७ ला कायदा झाला, जानेवारी १९७९ पासून लागू. मागेल त्याला काम, आणि त्यात सातबारा लागत नाही, घर कुणाच्या नावावर ते विचारत नाहीत, बाईची हजेरी बाईच्या नावावर. त्यासाठी शहरातल्या पगारदारांवर व्यवसाय कर बसवला. पाहुण्याच्या पगारपत्रकात दर महिन्याला २०० आणि फेब्रुवारीला ३०० कापलेले दिसतात ना, तो कर मुळात यासाठी होता. म्हणजे टॅक्स आमचा हे त्याचं अगदी बरोबर आहे, फक्त तो कशाला लावला होता ते त्याला कुणी सांगितलं नाही. पुढं देशाचा कायदा झाला तो २००५ ला.

मग पुरात असं का नको? गाळ काढायला, गटारं मोकळी करायला, बांध नीट करायला माणसं लागतातच, भांगलणीच्या बायकांना पूर उतरल्या दिवसापासून त्याची हजेरी लावा, आणि ज्यांना काम जमत नाही त्यांना बुडालेल्या रोजाचे पैसे. घराची मदत रेशनकार्डावर न मोजता चुलीवर मोजा, आत जो राहतो त्याला द्या, मालक पुण्यात असो की मुंबईत. यादी ग्रामपंचायतीच्या भिंतीवर लावा, पात्र आणि अपात्र दोन्ही, अपात्र असेल तर कारण लिहून. यातलं काहीच नवीन नाही, शिरोळ-करवीरच्या मोर्चांमध्ये लोक हेच ओरडत असतात, बातमीत मात्र कर्जमाफी आणि कर्नाटकातलं अलमट्टी धरण एवढंच येतं.

ते होईल तेव्हा होईल. तोपर्यंत नदीकाठच्या लोकांनी, विशेषतः भाड्यानं राहणाऱ्या आणि एकट्या बायकांनी हे करून ठेवा. रेशनकार्ड वेगळं करायचं असेल तर आत्ताच अर्ज टाका. भाड्यानं राहत असाल तर निदान लाइट बिल, गॅसचं पुस्तक, पोराचा शाळेचा दाखला, लसीकरणाचं कार्ड, काहीतरी एक त्या पत्त्यावरचं पाहिजे. स्वतःचं घर असेल तर ग्रामपंचायतीच्या नमुना ८ ला नवरा-बायको दोघांची नावं लावून घ्या. सगळ्या कागदांचे फोटो काढून बहिणीच्या किंवा लेकीच्या मोबाइलवर पाठवून ठेवा, तुमचा मोबाइल भिजणार आहे असं धरून चाला. पाणी आलं की दारात उभं राहून एक फोटो, उतरलं की दुसरा. पंचनाम्यावर सही करायच्या आधी वाचून घ्या, येत नसेल तर पोराला वाचायला लावा, आणि प्रत मागा. कुठलाही अर्ज दिला की पोच घ्यायचीच, साहेब नंतर या म्हणाले तरी शिक्का घेतल्याशिवाय हलायचं नाही. आणि हे सगळं जूनच्या आत उरकून घ्या, जुलैत पाऊस लागला की सर्व्हर चालत नाही.